हंडा आणि हुंडा

(कार्यकर्त्यांच्या निवासी शिबिरात केलेल्या भाषणाचं लेखी रूप. बोलण्याचा सूर शक्यतो तसाच ठेवला आहे.)



शिबिराच्या पत्रिकेत माझ्या नावापुढे ‘स्त्रीधन आणि बचत : कायद्याची बाजू’ असा भारदस्त विषय छापलाय. तो मी टाळणार नाही. पण त्याआधी एका नाटकाची गोष्ट सांगणार आहे. नाटक विनोदी आहे, रोममधलं आहे आणि सुमारे बावीसशे वर्षांपूर्वीचं आहे. जेवणानंतरचं सत्र माझ्या वाट्याला आलंय, तेव्हा विनोदाला कुणाची हरकत नसावी.

नाटककार प्लॉटस. नाटकाचं लॅटिन नाव ‘ऑलुलारिया’, म्हणजे हंड्याची गोष्ट. युक्लिओ नावाचा एक म्हातारा आहे, घरची गरिबी. त्याच्या आजोबांनी चुलीखाली सोन्यानं भरलेला हंडा पुरला आणि मरताना पोटच्या मुलालासुद्धा सांगितलं नाही. नाटकाच्या सुरुवातीला खुद्द घराचा देव रंगमंचावर येतो. रोमन लोक त्याला ‘लार’ म्हणायचे. आपल्या देव्हाऱ्यातलं कुलदैवत समजा. तो म्हणतो, या घरातल्या पुरुषांनी माझ्याकडे कधी नीट पाहिलं नाही. पण युक्लिओची मुलगी रोज धूप, मद्य असं काहीबाही वाहते, फुलांच्या माळा घालते. तिच्यावर प्रसन्न होऊन मी तिच्या बापाला हंडा सापडू दिला, म्हणजे तिचं लग्न सोपं होईल.

ही गोष्ट मी आमच्या वस्तीतल्या बचत गटाच्या बैठकीत सांगत होते. एवढ्यावर आले आणि भाजी विकणाऱ्या एक मावशी म्हणाल्या, “थांबा मॅडम. पूजा पोरीनं केली, देव पोरीला पावला, मग हंडा बापाला का दावला?”

समाजकार्याची पदव्युत्तर पदवी घेतलेली मी, नाटक इंग्रजी भाषांतरात दोनदा वाचलेलं, पण हा प्रश्न मला पडला नव्हता. बापालाच दाखवणार, त्यात काय विशेष, असं मी धरूनच चालले होते. आजचं माझं बोलणं त्या मावशींच्या प्रश्नाभोवतीच आहे.

तर पुढे. हंडा सापडल्यापासून युक्लिओची झोप उडते. घरातून धूर बाहेर गेला तरी आपण बुडालो असं त्याला वाटतं. घरातल्या म्हाताऱ्या दासीला, स्टॅफिलाला, तो मारतो, बाहेर हाकलतो आणि पुन्हा आत घेतो. शेजारी मेगाडोरस नावाचा श्रीमंत प्रौढ माणूस राहतो. तो मुलीला मागणी घालतो आणि वर म्हणतो, हुंडा नको. म्हाताऱ्याला वाटतं, याला सोन्याचा वास लागलाय. तो होकार देतो पण हंडा काखेत मारून देवळात लपवतो, तिथून वनदेवतेच्या राईत नेतो, आणि शेवटी तो चोरीला जातो. मग म्हातारा प्रेक्षकांकडे वळून आकांत करतो, तुमच्यातलाच कुणीतरी चोर आहे म्हणतो. लोक हसून लोळत असणार.

आता जी गोष्ट हसण्याच्या ओघात निसटून जाते ती सांगते. मुलीचं नाव फीड्रिया. सेरेस देवीच्या रात्रीच्या उत्सवात एका श्रीमंत तरुणानं तिच्यावर बलात्कार केलाय. तिचे दिवस भरत आलेत. बापाला पत्ता नाही; ठाऊक आहे ते एकट्या स्टॅफिलाला. हा तरुण लायकोनायडीस त्याच मेगाडोरसचा भाचा. आणि ही मुलगी, जिच्या लग्नासाठी नाटक चाललंय, जिच्यासाठी देवानं सोनं दाखवलं, ती रंगमंचावर एकदाही येत नाही. तिचा फक्त आवाज येतो, तोही आतून, बाळंतवेणांचा. दाईला आणि देवीला मारलेली हाक. संपूर्ण नाटकात तिची एवढीच भूमिका.

आणि त्यानंतर थोड्याच वेळानं येणारा प्रवेश या नाटकाचा सगळ्यात गाजलेला विनोद आहे. तरुण येतो आणि म्हाताऱ्याला म्हणतो, मी गुन्हेगार आहे, मला क्षमा करा. म्हाताऱ्याला वाटतं हा हंड्याची कबुली देतोय. तरुण बोलतोय मुलीबद्दल. दारूच्या नशेत झालं, मोहानं झालं, आता ती माझ्याकडेच राहू द्या, असं तो विनवतोय. म्हातारा ओरडतोय, माझी वस्तू माझ्या परवानगीशिवाय हात लावलीसच कशी? लॅटिनमध्ये हंडा स्त्रीलिंगी आहे, म्हणून दोघांचं ‘ती’ एकमेकांत अडकतं. (मराठीत करायचं तर हंड्याऐवजी पेटी नाहीतर घागर घ्यावी लागेल. आम्ही करून पाहिलं, जमतं.) बराच वेळ गोंधळ चालतो आणि एकही वाक्य अडत नाही. मुलीबद्दलचं बोलणं पेटीला लागू पडतं, पेटीबद्दलचं मुलीला. दोन्ही गोष्टी घरात झाकून ठेवायच्या, दोन्हींवर मालकी बापाची, आणि दोन्हींबाबत गुन्हा घडला तर तो बापाच्या विरुद्ध. विनोद जमतो याचं कारण प्रेक्षकांच्या मनात ही अदलाबदल आधीच झालेली आहे.

शेवटी त्या तरुणाशीच तिचं लग्न ठरतं. ज्यानं अत्याचार केला त्याच्याच गळ्यात बांधायचं, हा तोडगा आपल्यातल्या प्रत्येकीनं गावकीत, पोलीस चौकीत, नातेवाइकांच्या बैठकीत ऐकलाय. सर्वोच्च न्यायालयाला जुलै २०१५ मध्ये स्पष्ट सांगावं लागलं की बलात्काराच्या खटल्यात लग्नाची तडजोड चालणार नाही. बावीसशे वर्षं जुनं नाटक म्हणून सोडून देता येत नाही ते यासाठी.

मेगाडोरसबद्दल थोडं जास्त बोलायला हवं, कारण तो आपला ओळखीचा माणूस आहे. ‘आम्हाला काही नको, मुलगी आणि नारळ द्या’ म्हणणारं स्थळ. तो हुंडा का नाकारतो ते तो एका लांबलचक भाषणात स्वतःच सांगतो. हुंडा घेऊन आलेली बायको डोक्यावर बसते. मी एवढं आणलं, तेव्हा मला जांभळी वस्त्रं हवीत, दागिने हवेत, दासी हव्यात, खेचरांची गाडी हवी, असं म्हणते. मग दारात परीट, भरतकाम करणारे, सोनार यांची रांग लागते, ही यादी तो मारुतीच्या शेपटासारखी वाढवत नेतो. श्रीमंतांनी गरिबांच्या मुली हुंड्याशिवाय केल्या तर समाजात एकी वाढेल आणि बायका धाकात राहतील, असा त्याचा सिद्धान्त. पहिलं अर्धं वाक्य आपल्या कुठल्याही परिसंवादात टाळ्या घेईल. दुसरं अर्धं ऐकायचं विसरू नका.

या भाषणामागे एक खरा इतिहास आहे. इसवी सनापूर्वी २१५ मध्ये, युद्धाच्या काळात, रोममध्ये ओपियन कायदा झाला. बाईनं अर्ध्या औंसाहून, म्हणजे तोळ्याहून थोड्या जास्त सोन्यापलीकडे, सोनं बाळगायचं नाही, रंगीबेरंगी वस्त्रं नेसायची नाहीत, शहरात गाडीतून फिरायचं नाही. युद्ध संपलं तरी कायदा तसाच राहिला. इ. स. पूर्व १९५ मध्ये तो रद्द करण्याची चर्चा निघाली तेव्हा बायका रस्त्यावर आल्या, सभेकडे जाणाऱ्या वाटा त्यांनी अडवल्या. केटो नावाच्या बड्या पुढाऱ्यानं कडाडून विरोध केला, बायका घरात आवरल्या नाहीत म्हणून पुरुषांना दोष दिला. तरीही कायदा रद्द झाला. लिव्ही या इतिहासकारानं हे सगळं लिहून ठेवलंय. म्हणजे प्लॉटसच्या हयातीत रोमच्या बायकांनी मोर्चा काढून आपलं सोनं परत मिळवलं होतं. आणि नाटकात काय उरलं? उधळ्या बायकोवरचा विनोद.

मी हुंड्याची बाजू घेत नाही, गैरसमज नको. पण हुंड्याविरुद्ध बोलणारा प्रत्येक जण बाईच्या बाजूचाच असतो असं नाही. काहींची तक्रार एवढीच असते की पैसा आला की तिला तोंड फुटतं.

हीच गोष्ट पुढे फ्रान्समध्ये मोलियरनं उचलली. ‘कंजूष’ हे त्याचं नाटक पॅरिसला ९ सप्टेंबर १६६८ रोजी पहिल्यांदा झालं आणि कंजूष हार्पागोंचं काम त्यानं स्वतःच केलं. आपल्याकडे आचार्य अत्र्यांनी त्यावरूनच ‘कवडीचुंबक’ लिहिलं, तेव्हा कंजूष सावकार आपल्यापैकी अनेकींना परका नाही. मोलियरनं बलात्कार काढून टाकला आणि हंड्याच्या जागी बागेत पुरलेली दहा हजार एक्यूंची पेटी आणली. मुख्य म्हणजे मुलगी, एलीझ, रंगमंचावर आली. बापाला ती नमस्कार करून करून ‘नाही’ म्हणते आणि बाप तिच्या नमस्काराची नक्कल करत ‘लग्न होणारच’ म्हणतो. पडद्याआडून पुढे यायला बाईला साडेअठराशे वर्षं लागली!

बापानं शोधलेलं स्थळ वयस्क आहे, पण ते हुंडा मागत नाही. वय जुळत नाही, मन जुळत नाही, तिचा जन्माचा प्रश्न आहे, असं कुणी काही सुचवलं की हार्पागोंचं एकच उत्तर : हुंडा लागत नाही ना! देवलांच्या ‘शारदा’त, १८९९ मध्ये, कांचनभट मुलीला म्हाताऱ्याला विकून पैसे घेतो, हार्पागों पैसे वाचवतो. हिशेबाची वही तीच, फक्त रकाना बदलला.

याच नाटकातला लग्न जुळवणाऱ्या फ्रोझीन नावाच्या बाईचा हिशेब मला आपल्या कामाच्या दृष्टीनं सगळ्यात मोलाचा वाटतो. हार्पागोंला स्वतःलाही तरुण मुलगी, मारियान, करायची आहे, पण ती काय घेऊन येणार याची चिंता आहे. फ्रोझीन म्हणते, वर्षाला बारा हजारांचं उत्पन्न घेऊन येईल. कसं? मुलगी साधं खाते, कोशिंबीर, दूध, चीज, सफरचंद, त्यात वर्षाचे तीन हजार वाचले. तिला भारी कपडे-दागिन्यांची हौस नाही, चार हजार वाचले. जुगार खेळत नाही, पाच हजार वाचले. झाले बारा हजार! हार्पागों म्हणतो, हाती न आलेल्या पैशाची पावती मी कशी देऊ?

प्रेक्षक हसतात. मी मात्र थांबले. कारण न खाल्लेलं जेवण, न घेतलेली साडी, न केलेला औषधोपचार हे आपल्याकडच्या बायकांचं खरोखरचं उत्पन्न आहे. घर त्यावर चालतं, आणि त्याची पावती कुणीच देत नाही. त्या वाचवलेल्यातूनच ती वीस, पन्नास, शंभर बाजूला टाकते. डाळीच्या डब्यात, तांदळाच्या कोठीत, देवाच्या फोटोमागे, जुन्या साडीच्या घडीत, शेजारणीच्या भिशीत. आपल्या घरांतला खरा पुरलेला हंडा हा आहे. आणि तो कुणाचा?

इथे मला माझी एक चूक सांगायची आहे. २०१५ची गोष्ट, कामाला लागून फार दिवस झाले नव्हते. एक जोडपं समुपदेशनाला यायचं. नवऱ्याची तक्रार, ही पैशाचा हिशेब देत नाही. एकटी भेटल्यावर तिनं मला सांगितलं की भिशीत तिचे अठरा हजार जमलेत, मुलीच्या दहावीनंतरच्या शिक्षणासाठी. पुढच्या संयुक्त बैठकीत नवरा पुन्हा तेच म्हणाला आणि मी तिची बाजू घ्यायची म्हणून बोलून गेले, “अहो, त्यांनी घरासाठीच बचत केलीय, भिशीत अठरा हजार आहेत.” मला वाटलं, मी तिचं कौतुक करतेय. नवराबायकोत पारदर्शकता हवी, असं शिकून आले होते. तो काही बोलला नाही. पुढच्या आठवड्यात ते पैसे त्याच्या मोटारसायकलच्या थकलेल्या हप्त्यांत गेले आणि घरात तिचं नाव ‘चोर’ पडलं. ती नंतर एकदा आली. भांडली नाही. एवढंच म्हणाली, “ताई, तुम्ही आपल्या म्हणून सांगितलं होतं.”

नाटकातल्या देवासारखंच मी केलं. पूजा तिची, हंडा दाखवला नवऱ्याला.

घरखर्चातून वाचवलेला पैसा कुणाचा, हा प्रश्न फक्त आपल्या वस्त्यांतला नाही. इंग्लंडमध्ये १९४३ साली एक खटला झाला. बायकोनं नवऱ्यानं दिलेल्या घरखर्चातून काटकसर करून एकशे तीन पौंड आणि काही शिलिंग जमवले होते. ती वेगळी झाल्यावर वाद गेला कोर्टात. अपील न्यायालयानं सांगितलं, पैसे नवऱ्याचे. म्हणजे काटकसर तिची आणि फळ त्याचं. तिथे यासाठी १९६४ मध्ये वेगळा कायदा करावा लागला, त्यानंही अर्धाच वाटा दिला.

आपल्याकडे स्त्रीधनाबाबत कायदा पुष्कळ स्पष्ट आहे. १९६१च्या हुंडा प्रतिबंधक कायद्याच्या सहाव्या कलमानुसार हुंडा कुणीही घेतलेला असो, तो तीन महिन्यांच्या आत त्या बाईच्या हवाली करायचा असतो आणि तोवर घेणारा फक्त विश्वस्त असतो. किती जणींना हे ठाऊक आहे? १९८५च्या नियमांप्रमाणे लग्नात मिळालेल्या भेटींची लेखी यादी ठेवून त्यावर दोघांच्या सह्या घ्यायच्या असतात. अशी यादी माझ्या टेबलावर कधी आलेली मला आठवत नाही. त्याच वर्षी प्रतिभा राणी खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की स्त्रीधन सासरी ठेवलं म्हणून ते सामाईक होत नाही, आणि परत न देणं हा विश्वासघाताचा फौजदारी गुन्हा ठरतो. तक्रारीत आपण पूर्वी कलम ४०६ लिहायचो. १ जुलै २०२४ नंतरच्या गुन्ह्यांसाठी भारतीय न्याय संहितेचं कलम ३१६ लिहायचं. २००५च्या घरगुती हिंसाविरोधी कायद्याखाली न्यायदंडाधिकारी स्त्रीधन परत करायचा आदेश देऊ शकतात, आणि पैसा अडवणं, हिसकावणं ही आर्थिक हिंसा धरली जाते. माझ्या त्या बाईच्या भिशीला हा शब्द लागू होता. मला तो तेव्हा आठवला नाही.

पण कायद्याच्या पुस्तकात डाळीचा डबा नसतो. ८ नोव्हेंबर २०१६च्या रात्री पाचशे-हजारच्या नोटा बंद झाल्या, तेव्हा घराघरांतले हंडे एका रात्रीत उघडे पडले. केंद्रात बायका पदराखाली नोटा घेऊन आल्या. सरकारची भीती कमी होती, नवऱ्याला कळेल याची जास्त. स्वतःचं खातं नाही, असलं तर पासबुक त्याच्या कपाटात. कुणी भावाकडे दिले, कुणी शेजारणीच्या खात्यात टाकले, कुणी सरळ नवऱ्याच्या हातात ठेवले आणि शिव्या खाल्ल्या. डिसेंबर अखेरपर्यंतची मुदत कशीबशी गाठली. त्यातले किती पैसे परत त्या डब्यात पोचले, हे कुणी मोजलं नाही.

त्यानंतर खाती उघडली. २०२४ मध्ये राज्य सरकारच्या योजनेतून महिना दीड हजार थेट बायकांच्या खात्यात यायला लागले तेव्हा आम्ही वस्तीत प्रत्येकीला एकच गोष्ट विचारत फिरलो : खात्याला मोबाईल नंबर कुणाचा जोडलाय? कारण मेसेज ज्याच्या फोनवर वाजतो, त्याला हंडा दिसतो.

आमच्या केंद्रात आता पैशाबद्दलचा प्रश्न बाईला एकटीलाच विचारतो, आणि तिनं सांगितलेली रकम संयुक्त बैठकीत जाणाऱ्या फायलीत लिहीत नाही. यावर आमच्यातच वाद आहे. एका सहकारी मैत्रिणीचं म्हणणं, आपणच लपवाछपवीला हातभार लावतो, मग नवऱ्याला कमाई सांगायला कसं लावणार? तिचा मुद्दा मला पूर्ण खोडता येत नाही. एवढंच म्हणते की हार्पागों पेटी लपवतो तेव्हा घरातलं कुणी त्याला मारणार नसतं. डबा लपवणारीला तशी खात्री नसते. दोघांच्या लपवण्याला एकच नाव देऊ नये.

प्लॉटसच्या नाटकाचा शेवट राहून गेला. तो हरवलाय. हस्तलिखितातली अखेरची पानं नाहीत. जुन्या सारांशावरून कळतं की हंडा परत मिळतो आणि म्हातारा तो मुलीसह जावयाला देऊन टाकतो. उरलेल्या एका तुकड्यात तो म्हणतो की आता तरी त्याला झोप लागेल. आजोबा, बाप, जावई. मुलीच्या हातात हंडा येतच नाही. (मोलियरकडे तर बाप लग्नाचा खर्च व्याह्यावर टाकून, नवा पोशाख उकळून, पेटीला भेटायला जातो.)

म्हणून बचत गटात आम्ही हरवलेला शेवट बायकांनाच करायला सांगितला. एका तरुण मुलीनं हंड्यातल्या पैशानं आधी स्टॅफिला दासीला सोडवलं आणि दोघींना गावाबाहेर पाठवलं. एकीनं तरुणाला कोर्टात उभं केलं. एक आजी म्हणाल्या, “पोर बाळंत झालीया, तिला आधी डिंकाचे लाडू द्या, हंड्याचं मागनं बघू.” या शेवटाला सगळ्यात जास्त मतं पडली. भाजीवाल्या मावशींनी मात्र शेवट सांगितलाच नाही. मी फारच आग्रह केला तेव्हा हसून म्हणाल्या, “पोरीनं हंडा कुठं ठेवला ते मला ठावं हाय. तुमास्नी न्हाई सांगणार.”

आता स्त्रीधनाच्या यादीचे कोरे नमुने वाटते. दोन-दोन घ्या, एक स्वतःसाठी.